गृहकर्जाचा दीर्घकालीन खर्च

गृहकर्जाचा दीर्घकालीन खर्च म्हणजे घर विकत घेण्यासाठी किंवा बांधण्यासाठी काढलेले कर्ज पूर्णपणे फिटेपर्यंत कर्जदारावर पडणारा एकूण आर्थिक भार होय. यात मुद्दल आणि व्याज यांच्याबरोबर मुद्रांक शुल्क, नोंदणी शुल्क, प्रक्रिया शुल्क, विमा हप्ते, व्याजदरातील बदलांमुळे वाढणारी रक्कम आणि स्वतःच्या बचतीतून घातलेल्या पैशावरील बुडालेले उत्पन्न यांचाही समावेश होतो. कर्ज घेताना कर्जदाराचे लक्ष प्रामुख्याने मासिक हप्त्याकडे असते. हप्ता हा दरमहाच्या ऐपतीचा निदर्शक असला तरी तो कर्जाच्या खर्चाचा निदर्शक नसतो. किंबहुना मुदत वाढवून हप्ता कमी केल्यास एकूण खर्च वाढतो. शिल्लक मुद्दल, व्याजदर आणि ते मुद्दल कर्जदाराकडे राहिलेला काळ या तीन घटकांवर व्याज ठरते आणि यांपैकी काळाचा परिणाम सहसा सर्वांत कमी लक्षात येतो.

या लेखातील उदाहरणे भारतातील, विशेषतः महाराष्ट्रातील, प्रचलित पद्धतीवर आधारित आहेत. वेगळा उल्लेख नसल्यास ₹५० लाख कर्ज, वार्षिक ८.५ टक्के व्याजदर आणि २० वर्षांची मुदत असे काल्पनिक कर्ज गृहीत धरले आहे. रकमा जवळच्या पूर्णांकात दिल्यामुळे बेरजांमध्ये किरकोळ फरक आढळू शकतो.

## पार्श्वभूमी

भारतात दीर्घ मुदतीचे संस्थात्मक गृहकर्ज ही तुलनेने अलीकडची गोष्ट आहे. मध्यमवर्गीय कुटुंबे पूर्वी निवृत्तीच्या वेळी मिळणारी रक्कम, भविष्य निर्वाह निधी, दागिने आणि नातेवाइकांकडून घेतलेली उसनवारी यांतून घर उभारीत असत. १९७७ मध्ये हसमुखभाई पारेख यांच्या पुढाकाराने मुंबईत हाउसिंग डेव्हलपमेंट फायनान्स कॉर्पोरेशन अर्थात एचडीएफसी या संस्थेची स्थापना झाली आणि नोकरीच्या सुरुवातीच्या काळातच घर घेऊन ते पुढील उत्पन्नातून फेडण्याची पद्धत रुळू लागली. १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक स्थापन झाली. पुढे व्यापारी बँकाही या क्षेत्रात मोठ्या प्रमाणावर उतरल्या. २०१९ मध्ये गृहवित्त कंपन्यांच्या नियमनाचे अधिकार राष्ट्रीय आवास बँकेकडून भारतीय रिझर्व्ह बँकेकडे आले. १ जुलै २०२३ रोजी एचडीएफसी ही संस्था एचडीएफसी बँकेत विलीन झाली.

कायदेशीर दृष्ट्या गृहकर्ज हे स्थावर मालमत्तेच्या गहाणावर आधारलेले असते. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५८ मध्ये गहाणाचे प्रकार सांगितले आहेत. भारतात बहुतेक गृहकर्जांसाठी मालकीहक्काची मूळ कागदपत्रे धनकोकडे ठेवून गहाण निर्माण केले जाते. घराची मालकी कर्जदाराकडेच असते; मात्र कर्ज फिटेपर्यंत त्या मालकीवर धनकोचा बोजा राहतो.

## समान मासिक हप्ता

गृहकर्जाची परतफेड सामान्यतः समान मासिक हप्त्यांनी होते. व्यवहारात या हप्त्याला ‘ईएमआय’ म्हणतात. त्याचे सूत्र पुढीलप्रमाणे आहे :

हप्ता = मु × द × (१ + द)^म ÷ [(१ + द)^म − १]

येथे ‘मु’ म्हणजे मुद्दल, ‘द’ म्हणजे मासिक व्याजदर (वार्षिक दर भागिले १२) आणि ‘म’ म्हणजे एकूण हप्त्यांची संख्या. गृहीत धरलेल्या कर्जाचा मासिक हप्ता ₹४३,३९१ येतो. २४० हप्त्यांत एकूण ₹१ कोटी ४ लाख १४ हजार भरले जातात व त्यांपैकी ₹५४ लाख १४ हजार हे व्याज असते. म्हणजे मुद्दलापेक्षा व्याजाची रक्कम अधिक होते.

### हप्त्याची व्याज व मुद्दल यांत विभागणी

हप्त्याची रक्कम समान असली तरी त्यातील व्याज आणि मुद्दल यांचे प्रमाण दरमहा बदलते. प्रत्येक हप्त्यातून प्रथम त्या महिन्याचे व्याज वसूल होते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. पहिल्या महिन्यात ₹५० लाखांवर ₹३५,४१७ व्याज होते, त्यामुळे ₹४३,३९१ च्या हप्त्यातून केवळ ₹७,९७४ मुद्दल फिटते. मुद्दल जसजसे घटते तसतसे व्याज कमी होऊन मुद्दलाचा वाटा वाढतो. या उदाहरणात १४३ व्या हप्त्यापासून, म्हणजे बारावे वर्ष संपत आल्यावर, हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा अधिक होतो.

| पूर्ण झालेली वर्षे | भरलेली एकूण रक्कम (₹ लाख) | त्यांपैकी व्याज (₹ लाख) | फिटलेले मुद्दल (₹ लाख) | शिल्लक मुद्दल (₹ लाख) |
|---|---|---|---|---|
| १ | ५.२१ | ४.२१ | १.०० | ४९.०० |
| ५ | २६.०३ | २०.१० | ५.९४ | ४४.०६ |
| १० | ५२.०७ | ३७.०७ | १५.०० | ३५.०० |
| १५ | ७८.१० | ४९.२५ | २८.८५ | २१.१५ |
| २० | १०४.१४ | ५४.१४ | ५०.०० | ०.०० |

निम्मी मुदत संपली तरी मुद्दलाचा जेमतेम ३० टक्के भाग फिटलेला असतो. निम्मे मुद्दल फिटण्यास जवळजवळ १४ वर्षे लागतात. काही वर्षांतच घर विकावे लागले तर भरलेल्या हप्त्यांच्या मानाने कर्ज फारसे कमी झालेले नसते, त्याचे कारण हेच आहे. ‘बँक सुरुवातीला व्याज आधी घेते’ असा एक समज प्रचलित आहे. प्रत्यक्षात प्रत्येक महिन्याचे व्याज त्या महिन्याच्या शिल्लक मुद्दलावरच आकारले जाते. सुरुवातीस शिल्लक मुद्दल मोठे असल्यामुळे व्याजही मोठे असते.

### व्याज आकारणीच्या पद्धती

सध्या बहुतेक गृहकर्जांवर मासिक घटत्या शिलकीवर व्याज आकारले जाते. वार्षिक घटत्या शिलकीच्या पद्धतीत वर्षभरात भरलेल्या मुद्दलाचा लाभ वर्षअखेरीसच मिळतो. त्या पद्धतीने वरील कर्जाचा हप्ता सुमारे ₹४४,०३० होईल. ‘सपाट’ दराच्या पद्धतीत संपूर्ण मुदतीसाठी मूळ मुद्दलावरच व्याज धरतात. त्याच ८.५ टक्के दराने २० वर्षांचे सपाट व्याज ₹८५ लाख होते. व्याजदराचा आकडा एकच असला तरी आकारणीची पद्धत वेगळी असल्यास खर्चात मोठा फरक पडतो, म्हणून दोन कर्जांची तुलना करताना पद्धतही सारखी असणे आवश्यक असते.

## मुदतीचा परिणाम

कर्जाची मुदत वाढवली की हप्ता कमी होतो, परंतु त्याची घट उत्तरोत्तर मंदावत जाते आणि एकूण व्याज मात्र वाढतच राहते.

| मुदत (वर्षे) | मासिक हप्ता (₹) | एकूण परतफेड (₹ लाख) | एकूण व्याज (₹ लाख) |
|---|---|---|---|
| १० | ६१,९९३ | ७४.३९ | २४.३९ |
| १५ | ४९,२३७ | ८८.६३ | ३८.६३ |
| २० | ४३,३९१ | १०४.१४ | ५४.१४ |
| २५ | ४०,२६१ | १२०.७८ | ७०.७८ |
| ३० | ३८,४४६ | १३८.४० | ८८.४० |

मुदत १५ वरून २० वर्षे केल्यास हप्ता ₹५,८४६ ने कमी होतो आणि व्याज सुमारे ₹१५.५ लाखांनी वाढते. २५ वरून ३० वर्षे केल्यास हप्ता केवळ ₹१,८१५ ने घटतो, परंतु व्याज सुमारे ₹१७.६ लाखांनी वाढते. मुदत कितीही लांबवली तरी या कर्जाचा हप्ता पहिल्या महिन्याच्या व्याजाखाली, म्हणजे ₹३५,४१७ च्या खाली, येऊ शकत नाही. कारण त्याहून कमी रकमेत मुद्दल फिटणारच नाही. दीर्घ मुदत घेऊन हप्ता आवाक्यात आणण्याला म्हणूनच एक गणिती मर्यादा आहे.

## बदलता व्याजदर

भारतातील बहुतांश गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. कर्ज मंजूर होताना काढलेला एकूण खर्च हा त्या दिवसाच्या दरावर आधारलेला अंदाज असतो. काही कर्जांत ‘स्थिर’ दरही ठरावीक वर्षांपुरताच स्थिर असतो व पुढे त्याचे पुनर्निर्धारण होते.

### संदर्भदरांचा विकास

बँकांच्या कर्जदरांना पूर्वी ‘प्राइम लेंडिंग रेट’चा आधार होता. १ जुलै २०१० पासून ‘आधार दर’ आणि १ एप्रिल २०१६ पासून निधीच्या सीमान्त खर्चावर आधारित कर्जदर, म्हणजे ‘एमसीएलआर’, लागू झाला. हे सर्व दर बँका स्वतः ठरवीत असल्यामुळे रिझर्व्ह बँकेने धोरणात्मक दर कमी केला तरी त्याचा लाभ जुन्या कर्जदारांपर्यंत पूर्णपणे पोहोचत नसे. डॉ. जनक राज यांच्या अध्यक्षतेखालील रिझर्व्ह बँकेच्या अंतर्गत अभ्यासगटाने २०१७ मध्ये बाह्य संदर्भदराची शिफारस केली. त्यानुसार १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी द्यावयाची बदलत्या दराची नवी गृहकर्जे रेपो दर किंवा अन्य बाह्य संदर्भदराशी जोडणे बंधनकारक झाले. अशा कर्जांचा दर किमान तीन महिन्यांतून एकदा पुन्हा ठरवला जातो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन लागू नसल्याने त्यांची कर्जे अनेकदा त्यांच्या स्वतःच्या संदर्भदराशी जोडलेली असतात.

### २०२२–२३ मधील दरवाढ

कोविड-१९ महासाथीच्या काळात, मे २०२० मध्ये, रेपो दर ४ टक्क्यांवर आला होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत तो ६.५० टक्क्यांपर्यंत, म्हणजे २५० आधारबिंदूंनी वाढला. एक आधारबिंदू म्हणजे टक्क्याचा शंभरावा भाग होय. दर कमी असताना ६.७५ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतलेल्या ₹५० लाखांच्या कर्जाचा हप्ता ₹३८,०१८ होता. दर ९.२५ टक्के झाल्यावर ₹५० लाखांचे एका महिन्याचे व्याजच ₹३८,५४२ होते. म्हणजे ज्यांचे मुद्दल अद्याप जवळपास तसेच होते, त्यांचा पूर्वीचा हप्ता व्याजालाही पुरत नव्हता. २० वर्षांची मुदत कायम ठेवण्यासाठी हप्ता ₹४५,७९३ करावा लागला असता.

दर वाढल्यावर हप्ता तोच ठेवून मुदत आपोआप वाढवण्याची प्रथा होती. हप्ता न बदलल्यामुळे अनेक कर्जदारांच्या हा बदल लक्षात येत नसे. या प्रथेचा परिणाम मूळ उदाहरणातून स्पष्ट होतो. कर्जाच्या प्रारंभीच दर ८.५ वरून ९.५ टक्के झाला आणि तो तसाच राहिला, तर दोन पर्याय उरतात :

* हप्ता वाढवणे : हप्ता ₹४६,६०७ होतो, मुदत २० वर्षेच राहते आणि एकूण व्याज सुमारे ₹६१.९ लाख होते.
* मुदत वाढवणे : हप्ता ₹४३,३९१ च राहतो, मुदत सुमारे २५ वर्षे ९ महिने होते आणि एकूण व्याज सुमारे ₹८३.९ लाख होते.

दरमहा सुमारे ₹३,२०० अधिक न भरल्याची किंमत या उदाहरणात सुमारे ₹२२ लाख अधिक व्याज इतकी होते. चाळिशीत कर्ज घेतलेल्या नोकरदाराच्या बाबतीत अशी वाढ हप्ते निवृत्तीनंतरच्या वर्षांत ढकलते.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने या बाबतीत नियम घालून दिले. दरबदलाचा हप्त्यावर वा मुदतीवर होणारा परिणाम कर्जदाराला कळवणे, हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे यांतून निवड करू देणे, धनको संस्थेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे वळण्याचा पर्याय देणे आणि वाढलेल्या मुदतीतही हप्ता व्याजाहून कमी पडणार नाही याची काळजी घेणे धनको संस्थांना बंधनकारक करण्यात आले. प्रत्येक तिमाहीस वसूल झालेले व्याज व मुद्दल, उरलेल्या हप्त्यांची संख्या आणि वार्षिक व्याजदर दर्शवणारे विवरणपत्र देणेही आवश्यक झाले. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो दर ६.५० वरून ५.५० टक्क्यांवर आला. दर घटताना हप्ता पूर्वीइतकाच ठेवल्यास वरील प्रक्रिया उलट दिशेने होते आणि मुदत कमी होते.

## व्याजाव्यतिरिक्त खर्च

### स्वतःचा सहभाग

घराच्या संपूर्ण किमतीइतके कर्ज मिळत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार ₹३० लाखांपर्यंतच्या कर्जासाठी मालमत्तेच्या मूल्याच्या कमाल ९० टक्के, ₹३० लाख ते ₹७५ लाखांपर्यंत ८० टक्के आणि त्याहून मोठ्या कर्जासाठी ७५ टक्के रक्कम देता येते. मुद्रांक शुल्क व नोंदणी शुल्क सामान्यतः या मूल्यात धरले जात नाही, त्यामुळे ते स्वतःच्या बचतीतून भरावे लागते.

### शासकीय शुल्क व कर

महाराष्ट्रात मुद्रांक शुल्क हे करारातील किंमत आणि वार्षिक मूल्यदर तक्त्यानुसार येणारे मूल्य यांपैकी जी रक्कम अधिक असेल तिच्यावर आकारतात. हा तक्ता ‘रेडी रेकनर’ या नावाने परिचित आहे. मेट्रो अधिभारासह मुंबईत हे शुल्क ६ टक्के आणि पुण्यासारख्या शहरांत स्थानिक संस्था करासह ७ टक्के आहे. निवासी घर महिलेच्या नावे असल्यास १ टक्का सवलत मिळते. नोंदणी शुल्क १ टक्का असून त्याची कमाल मर्यादा ₹३०,००० आहे. महासाथीच्या काळात घरखरेदीला चालना देण्यासाठी राज्य शासनाने सप्टेंबर २०२० ते मार्च २०२१ या काळात मुद्रांक शुल्कात तात्पुरती कपात केली होती. गहाणासाठी वेगळे मुद्रांक शुल्क भरावे लागते.

बांधकाम चालू असलेल्या घरावर १ एप्रिल २०१९ पासून ५ टक्के वस्तू व सेवा कर लागतो. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसणाऱ्या सदनिकांसाठी तो १ टक्का आहे. बांधकाम पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर विकलेल्या घरावर हा कर नसतो.

### धनको संस्थेचे शुल्क आणि विमा

प्रक्रिया शुल्क, कायदेशीर छाननी व मूल्यांकन यांचा खर्च आणि त्यांवरील १८ टक्के वस्तू व सेवा कर हे सुरुवातीचे खर्च असतात. दीर्घ मुदतीत त्यांचे प्रमाण व्याजाच्या मानाने लहान असते. मूळ उदाहरणात व्याजदरातील केवळ पाव टक्क्याच्या फरकाने एकूण व्याज सुमारे ₹१.९ लाखांनी बदलते. त्यामुळे प्रक्रिया शुल्क माफ करून दर थोडा अधिक लावलेले कर्ज स्वस्त असतेच असे नाही.

कर्जासोबत अनेकदा कर्जदाराच्या आयुष्याचा विमा सुचवला जातो आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जाच्या रकमेतच मिळवला जातो. ₹१.५ लाखांचा असा हप्ता ८.५ टक्के दराने २० वर्षांत फेडताना ₹३.१२ लाखांचा होतो. कमावत्या व्यक्तीचा अकाली मृत्यू झाल्यास कुटुंबाचे घर वाचावे हा विम्याचा हेतू महत्त्वाचा आहे. मात्र तोच हेतू स्वतंत्र मुदत विम्यानेही साधता येतो.

### बांधकामाच्या काळातील व्याज

बांधकाम चालू असलेल्या घरासाठी कर्ज टप्प्याटप्प्याने वितरित होते. ताबा मिळेपर्यंत कर्जदार वितरित रकमेवरील केवळ व्याज भरू शकतो. यातून मुद्दल मुळीच फिटत नाही. ताबा लांबल्यास घरभाडे आणि व्याज असा दुहेरी भार पडतो. स्थावर संपदा (विनियमन व विकास) अधिनियम, २०१६ च्या कलम १८ नुसार, विकासकाने ठरलेल्या तारखेस ताबा दिला नाही तर ग्राहकाला सव्याज परतावा मागता येतो किंवा प्रकल्पात राहून विलंबाच्या प्रत्येक महिन्यासाठी व्याज मागता येते. महाराष्ट्रात अशा तक्रारी महारेरा या प्राधिकरणाकडे करता येतात.

### एकत्रित उदाहरण

मुंबईत ₹६२.५ लाखांचे बांधून तयार असलेले घर ₹५० लाख कर्ज काढून घेतले आणि ६ टक्के मुद्रांक शुल्क लागू झाले, तर २० वर्षांतील खर्च पुढीलप्रमाणे होतो :

| बाब | रक्कम (₹ लाख) |
|---|---|
| स्वतःचा सहभाग | १२.५० |
| मुद्रांक शुल्क | ३.७५ |
| नोंदणी शुल्क | ०.३० |
| प्रक्रिया शुल्क (अर्धा टक्का) व त्यावरील कर | ०.३० |
| कर्जाची परतफेड (मुद्दल व व्याज) | १०४.१४ |
| एकूण | १२०.९९ |

म्हणजे ₹६२.५ लाख किमतीच्या घरासाठी सुमारे ₹१.२१ कोटी द्यावे लागतात. गृहनिर्माण संस्थेची देखभाल वर्गणी, मालमत्ता कर आणि दुरुस्ती यांचा खर्च यात धरलेला नाही.

## आयकर सवलतींची मर्यादा

आयकराच्या जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील व्याजासाठी वर्षाला कमाल ₹२ लाख आणि मुद्दलासाठी इतर गुंतवणुकींसह कमाल ₹१.५ लाख वजावट मिळते. उदाहरणातील कर्जाचे पहिल्या वर्षाचे व्याज ₹४.२१ लाख असल्यामुळे त्याच्या निम्म्याहून अधिक भागावर कोणतीही सवलत मिळत नाही. ३० टक्के करटप्प्यातील व्यक्तीचा उपकरासह वर्षाला जास्तीत जास्त ₹६२,४०० कर वाचतो. २०२३–२४ या आर्थिक वर्षापासून मूलभूत पर्याय ठरलेल्या नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घरासाठी या वजावटी उपलब्ध नाहीत. केवळ कर वाचवण्यासाठी कर्ज चालू ठेवण्याचा युक्तिवाद त्यामुळे बराचसा कमकुवत झाला आहे.

## पैशाचे कालमूल्य

एकूण व्याजाची साधी बेरीज हा खर्चाचा स्पष्ट पण अपुरा निकष आहे. आज भरलेला रुपया आणि वीस वर्षांनी भरलेला रुपया यांची क्रयशक्ती सारखी नसते. महागाई दरवर्षी ४ टक्के राहिली, तर शेवटच्या ₹४३,३९१ च्या हप्त्याची क्रयशक्ती आजच्या सुमारे ₹१९,८०० इतकी असेल. याच हिशेबाने २४० हप्त्यांचे ₹१०४ लाख हे आजच्या किमतीत सुमारे ₹७२ लाख भरतात. ४ टक्के हा भारताच्या चलनविषयक धोरणातील महागाईचा लक्ष्यदर आहे. प्रत्यक्ष महागाई त्याहून कमी-अधिक असू शकते. कर्जदाराचे उत्पन्न महागाईबरोबर वाढत गेल्यास हप्त्याचा भार कालांतराने हलका होतो. उत्पन्न न वाढल्यास हा दिलासा मिळत नाही.

दुसरा विचार संधी-खर्चाचा आहे. घरात गुंतवलेली बचत अन्यत्र गुंतवली असती तर तिच्यावर उत्पन्न मिळाले असते. त्याचबरोबर स्वतःच्या घरात राहिल्याने वाचणारे भाडे आणि घराच्या किमतीत होणारी संभाव्य वाढ या जमेच्या बाजू आहेत. घर विकत घेणे की भाड्याने राहणे याची तुलना करताना या सर्व बाबी एकत्र मांडाव्या लागतात.

## खर्च कमी करण्याचे मार्ग

### मुदतपूर्व परतफेड

हप्त्याव्यतिरिक्त भरलेली रक्कम पूर्णपणे मुद्दलातून वजा होते आणि त्या मुद्दलावरील पुढील सर्व व्याज वाचते. पहिले वर्ष संपल्यावर ₹५ लाख भरून हप्ता तोच ठेवल्यास कर्ज सुमारे चार वर्षे आधी फिटते आणि सुमारे ₹१६ लाख व्याज वाचते. तीच रक्कम पंधरा वर्षांनंतर भरल्यास केवळ सुमारे ₹२.२ लाख व्याज वाचते. मात्र पहिल्या पर्यायात तेच पैसे कितीतरी अधिक काळ गुंतलेले असतात, हेही लक्षात घ्यावे लागते. आर्थिक दृष्ट्या मुदतपूर्व परतफेड ही कर्जाच्या व्याजदराइतके खात्रीचे उत्पन्न देणाऱ्या गुंतवणुकीसारखी असते. आजारपण किंवा नोकरी जाण्यासारख्या प्रसंगांसाठी ठेवलेली रक्कम कर्जात भरून टाकल्यास ती सहज परत मिळत नाही, ही तिची मर्यादा आहे.

५ जून २०१२ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने बदलत्या दराच्या गृहकर्जांवर मुदतपूर्व परतफेडीचा दंड आकारण्यास बँकांना मनाई केली.

### कर्जाचे हस्तांतरण

कमी दर देणाऱ्या संस्थेकडे कर्ज वळवता येते. परंतु नव्याने लागणारे प्रक्रिया शुल्क, गहाणाचा खर्च आणि मुख्यतः नवी मुदत यांचा हिशेब करावा लागतो. उदाहरणातील कर्जाचे पाच वर्षांनंतरचे ₹४४.०६ लाख मुद्दल ८ टक्के दराने उरलेल्या १५ वर्षांसाठीच वळवल्यास व्याजात सुमारे ₹२.३ लाखांची बचत होते. तेच पुन्हा २० वर्षांसाठी वळवल्यास हप्ता सुमारे ₹३६,८५६ पर्यंत घटतो, पण पुढील व्याज ₹३४ लाखांऐवजी ₹४४.४ लाख होते. दर कमी होऊनही खर्च ₹१० लाखांहून अधिक वाढतो.

### मुख्य तथ्य विवरणपत्र

१ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ मुदत कर्जांसाठी कर्जदाराला मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात व्याज आणि धनकोमार्फत आकारली जाणारी अन्य शुल्के मिळून येणारा वार्षिक टक्केवारी दर तसेच परतफेडीचा तक्ता असतो. वेगवेगळ्या संस्थांच्या कर्जांची तुलना करण्यासाठी हा दर जाहिरातीतील व्याजदरापेक्षा अधिक उपयुक्त असतो.

## परतफेड थकल्यास

हप्ता ९० दिवसांहून अधिक काळ थकल्यास कर्ज अनुत्पादक मालमत्ता ठरते. त्यानंतर धनको संस्था २००२ च्या सरफेसी कायद्यान्वये ६० दिवसांची नोटीस देऊन तारण मालमत्तेचा ताबा घेण्याची व लिलावाची कारवाई करू शकते. या कारवाईविरुद्ध कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. लिलावातून पूर्ण येणे वसूल झाले नाही तर उरलेल्या रकमेची जबाबदारी कर्जदारावर कायम राहते. सुरुवातीच्या वर्षांत मुद्दल फारसे न फिटल्यामुळे या काळातील थकबाकी विशेष नुकसानकारक ठरते.

कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांच्या आत परत करणे आणि नोंदवलेला बोजा उतरवणे धनको संस्थेवर बंधनकारक आहे. संस्थेमुळे विलंब झाल्यास प्रतिदिन ₹५,००० भरपाई देण्याची तरतूद रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०२३ च्या आदेशात आहे.

## इतर देशांतील पद्धती

अमेरिकेत संपूर्ण ३० वर्षांसाठी स्थिर दर असलेले गृहकर्ज मोठ्या प्रमाणावर प्रचलित आहे. तेथे दर वाढल्याचा भार धनको सोसतो आणि दर घटल्यास कर्जदार नवे कर्ज काढून जुने फेडतो. १९६८ च्या ‘ट्रुथ इन लेंडिंग’ कायद्याने तेथे वार्षिक टक्केवारी दर जाहीर करणे आवश्यक केले. ब्रिटनमध्ये सामान्यतः दोन ते पाच वर्षांपुरता दर स्थिर असतो व त्यानंतर नव्याने करार करावा लागतो. भारतात मात्र व्याजदरातील चढउतारांची जोखीम मुख्यत्वे कर्जदाराकडेच असते. त्यामुळे येथील गृहकर्जाचा दीर्घकालीन खर्च कर्ज घेण्याच्या दिवशी निश्चित होत नाही. प्रत्येक दरबदलाच्या वेळी हप्ता आणि मुदत यांपैकी काय बदलले यावर तो ठरत जातो.

## हे सुद्धा पहा

* चक्रवाढ व्याज
* रेपो दर
* भारतीय रिझर्व्ह बँक
* मुद्रांक शुल्क
* महारेरा
* गहाण